निर्मात्याचे काम

निर्माता म्हणजे थैली सोडणारा शेठ, असे आम्ही समजत होतो. इंग्लंडचे टोनी गार्नेट (१९३६–२०२०) यांच्या कारकिर्दीने ती समजूत पालटली. आरंभी नट असलेले गार्नेट बीबीसीत निर्माते झाले. १९६६ साली त्यांनी ‘कॅथी कम होम’ या नाट्यातून बेघर कुटुंबाची परवड दूरचित्रवाणीवर आणली. १९६९ च्या ‘द बिग फ्लेम’मध्ये लिव्हरपूलचे संपकरी गोदीच ताब्यात घेतात. दोन्हींचे दिग्दर्शक केन लोच. दुसऱ्याचे लेखक जिम ॲलन, स्वतः खाणीत राबलेले. असा लेखक हुडकणे, त्याला दिग्दर्शकाशी जोडणे, वरिष्ठांचा रोष अंगावर घेणे, हे निर्मात्याचे काम. युनियनच्या चिटणीसाचे याहून निराळे ते काय? नाव दुसऱ्याचे होते. पण कामगाराची कहाणी पडद्यावर येणार की नाही, हे इथेच ठरते.