अंगात राहिलेली भीती

छातीत धडधडतं, मान आखडते, रात्र रात्र झोप नाही. तपासण्या मात्र नॉर्मल. वॉर्डात काम करताना अशा कितीतरी मायबहिणी आम्ही पाहिल्या. "काही नाही, मनाचे खेळ आहेत," असं सांगून त्यांना घरी पाठवलं जायचं. आम्हीही तेच म्हणायचो. ते चूक होतं, हे कंबोडियातल्या लोकांबद्दल वाचताना आम्हाला कळलं.

कंबोडिया हा बौद्ध देश. तिथे १९७० पासून यादवी युद्ध पेटलं. १९७५ ते १९७९ या काळात ख्मेर रूज गटाची सत्ता होती. शहरं रिकामी करून माणसांना शेतावर राबवलं. भूक, आजार आणि कत्तलीत सुमारे १७ लाख लोक गेले. भिक्खूंना चीवर उतरवायला लावलं, विहारांची कोठारं आणि तुरुंग केले. त्यानंतरही लढाई चालूच राहिली. अखेर १९९२-९३ मध्ये थायलंडच्या छावण्यांतून साडेतीन लाखांहून जास्त लोक मायदेशी आले. १९९२ मध्ये भिक्खू महाघोसानंद अशा परतणाऱ्यांसोबत सरहद्दीपासून राजधानीपर्यंत पायी चालले.

घरं पुन्हा उभी राहिली, पण भीती अंगातच राहिली. तिथले लोक तिला 'बाक्सबात' म्हणतात, म्हणजे मोडलेलं धैर्य. माणूस दचकतो, कुणावर विश्वास ठेवत नाही, गप्प होतो.

असं का होतं? धोका दिसला की हृदय जोरात चालतं, स्नायू ताठरतात. धोका टळला की ते शांत व्हायला हवं. आघात फार मोठा असेल तर शरीर वर्षानुवर्षं पहाऱ्यावरच राहतं. हा दुबळेपणा नव्हे.

कंबोडियातले समुपदेशक अशा माणसाजवळ बसून त्याची हकीकत लिहून काढतात. मग विहारात भिक्खू, घरचे आणि शेजारी यांच्यासमोर ती मोठ्याने वाचली जाते. एकट्याने लपवलेलं दुःख सगळ्यांनी मान्य केलेलं सत्य होतं. भार हलका होतो.

आपल्या वस्तीतही हल्ला, जाळपोळ, घरातली मारहाण सोसलेली माणसं आहेत. त्यांचं ऐका, मध्ये तोडू नका, बळेच बोलायला लावू नका. छातीत दुखत असेल तर आधी डॉक्टरांना दाखवा. त्रास महिनाभर टिकला तर सरकारी रुग्णालयातल्या मानसोपचार विभागात जा, किंवा टेलि-मानसच्या १४४१६ या मोफत क्रमांकावर बोला. अंगारे-धुपारे नकोत. ऐकणारं माणूस आणि योग्य उपचार, दोन्ही हवेत.

जय भीम!