वाघिणीची पावले कोण वाजवतो?

चंद्रपूर जिल्ह्यातल्या ताडोबाच्या वाघांवरचा एखादा अनुबोधपट तुम्ही पाहिला असेल. वाघीण सागाच्या वाळक्या पाचोळ्यातून चालत येते आणि पावलागणिक कर्र, कर्र असा आवाज होतो. हा आवाज बहुधा तिचा नसतो! शहरातल्या एका बंद खोलीत, पडद्याकडे डोळे लावून बसलेल्या कलाकाराने तो हातांनी काढलेला असतो.

असे का करावे लागते? समजा, छायाचित्रकाराची जीप वाघिणीपासून १०० मीटर दूर आहे. तरी दूरचे टिपणाऱ्या भिंगातून तिच्या मिशासुद्धा दिसतात. मग आवाजासाठी असे भिंग का नाही? उत्तर तरंगलांबीत आहे. प्रकाशाची तरंगलांबी मिलिमीटरच्या सुमारे दोन हजाराव्या भागाइतकी, म्हणून तळहाताएवढे भिंग पुरते. ध्वनी हवेतून सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. सेकंदाला १७० कंपने असतील, तर तरंगलांबी किती? भागाकार करा : २ मीटर! असा आवाज एकवटायचा, तर कित्येक मीटर रुंदीची तबकडी रानात न्यावी लागेल. पक्ष्याच्या ३४०० कंपनांच्या शिळेची तरंगलांबी अवघी १० सेंटीमीटर. म्हणून ती अर्ध्या मीटरच्या खोलगट तबकडीने दुरूनही छान टिपता येते. गादीदार पंजाची दबकी चाहूल तशी टिपता येत नाही. शिवाय अंतर दुप्पट झाले की आवाजाची तीव्रता चौथाई होते. म्हणजे १ मीटरवर जेवढी, तिचा दहा हजारावा भाग १०० मीटरवर उरतो. तो वाऱ्यात आणि पर्यटकांच्या कुजबुजीत बुडून जातो.

हे काम करणाऱ्याला फोली कलाकार म्हणतात. हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओतील जॅक फोली यांनी १९२९च्या सुमारास, चित्र पाहत पाहत आवाज काढण्याची पद्धत रूढ केली. नाटकात पत्रा हलवून ढगांचा गडगडाट करण्याची युक्ती त्याहून कितीतरी जुनी. झाडीपट्टीतल्या वाचकांना नाटकाचे वेड काय सांगावे! पण येथे निरीक्षण फार सूक्ष्म लागते. चालताना वाघाचा मागचा पाय पुष्कळदा पुढच्या पायाच्या ठशावर किंवा त्याच्या अगदी जवळ पडतो. तो ताल हातांना साधावा लागतो. रानकुत्र्याची नखे खडकावर वाजतील, पण वाघ चालताना नखे आत ओढून घेतो. ती वाजवली, तर जाणकार हसेल. बांबूच्या पानांची सळसळ सागाच्या पानांना लावली, तरी तेच.

चहूबाजूंनी दिसणाऱ्या नव्या अनुबोधपटांत तर आवाजाला दिशाही द्यावी लागते. एक प्रयोग करा. डोळे मिटून बसा आणि मित्राला कधी डावीकडे, कधी उजवीकडे पाने चुरगळायला सांगा. तुम्ही अचूक बोट दाखवाल. अगदी बाजूने आलेला आवाज जवळच्या कानाला सेकंदाच्या सुमारे पंधराशेव्या भागाइतका आधी पोचतो. मेंदूला तेवढा फरक पुरतो. आता एका कानात बोट घालून पाहा! ध्वनिमिश्रणकार हाच फरक दोन कानांत मुद्दाम ठेवतो. पाठीमागे पाचोळा वाजताच प्रेक्षक मान वळवतो आणि तेथे वाघीण असते.

मग ही फसवणूक नव्हे काय? माझ्या मते पाचोळा खरा आणि चालही खरी असेल, तर नव्हे. वाघीण मुकाट्याने गेली असता डरकाळी जोडली, तर नक्कीच. मधली प्रकरणे अवघड आहेत. २०२१ मध्ये छत्तीसगडातून गडचिरोलीत रानटी हत्ती आले. हत्तींचे काही बोलणे सेकंदाला २० हून कमी कंपनांचे असते; ते आपल्याला ऐकूच येत नाही. ध्वनिमुद्रण वेगाने वाजवले की ऐकू येते, पण मग तो हत्तीचा आवाज उरतो का? वर्गात यावर जरूर वाद घाला.

पावसाळ्यात मात्र पाचोळा भिजून मऊ होतो. त्यावरून वाघीण निःशब्द जाते, आणि अशा दृश्याला कलाकाराला हात आवरून स्वस्थ बसावे लागते.