थांबलेला क्षण आणि अनित्यतेचा सिद्धान्त

मावळातील इंदुरी हे इंद्रायणीकाठचे गाव. तेथे दाभाड्यांची गढी आहे, जवळच भंडारा डोंगर आहे. आणि ज्या देहूरोड येथे बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २५ डिसेंबर १९५४ रोजी भगवान बुद्धांच्या मूर्तीची स्थापना केली, ते स्थळही येथून दूर नाही. अशी कल्पना करू की, एके सकाळी या गावी काळच थांबला. इंद्रायणीचे पाणी वाहता वाहता स्थिर झाले, धुणे आपटताना उडालेले तुषार अधांतरी राहिले, चाकणच्या रस्त्यावरील एस.टी. जागच्या जागी थबकली. केवळ एक मनुष्य मोकळा राहिला आणि तो या निश्चल गावातून हिंडू लागला. अशा कथा हल्ली पुष्कळ लिहिल्या जातात. मनोरंजन म्हणून त्यांस आमचा आक्षेप नाही. परंतु वर्तमान क्षण टिकून राहू शकतो काय, हा प्रश्न बौद्ध आचार्यांनी फार कसोशीने तपासला आहे, आणि त्याचा आपल्या जीवनाशी निकटचा संबंध आहे.

प्रथम क्षण म्हणजे किती ते पाहू. आचार्य वसुबंधूंच्या 'अभिधर्मकोशा'त १२० क्षणांचा एक तत्क्षण, ६० तत्क्षणांचा एक लव, ३० लवांचा एक मुहूर्त आणि ३० मुहूर्तांचे एक अहोरात्र असे कोष्टक आहे. गुणाकार केल्यास अहोरात्रात ६४,८०,००० क्षण भरतात. म्हणजे आजच्या हिशेबाने एका सेकंदात ७५. चित्रपटात सेकंदाला २४ चित्रे सरकतात. त्यांतील एका चित्राच्या अवधीत कोशातील तीन क्षण उलटून जातात. (हा आकडा प्रयोगशाळेतील नव्हे, हे सांगणे नलगे.)

आता मुख्य मुद्दा. वैशेषिकांनी काळ हे नऊ द्रव्यांपैकी एक मानले. सर्वास्तिवादी अभिधर्मात ७५ धर्म मोजले आहेत, त्यांत काळ नाही. भूत, वर्तमान, भविष्य हे तीन 'अध्व' म्हणजे हेतुप्रत्ययांनी घडलेल्या संस्कृत धर्मांचेच दुसरे नाव होय. काळ हे भांडे आणि वस्तू त्यातील धान्य, असा हा विचार नाही. त्यामुळे 'काळ थांबला, पण वस्तू तशाच राहिल्या' हे वाक्यच निरर्थक ठरते. गावातून हिंडणाऱ्या त्या मोकळ्या मनुष्याचे पाहा. तो पाऊल टाकतो, श्वास घेतो, पाहतो. म्हणजे त्याचे क्षण चालूच आहेत. प्रकाश त्याच्या डोळ्यापर्यंत पोहोचतो, हवा त्याला वाट देते. म्हणजे प्रकाश आणि हवाही थांबलेली नाहीत. आणि सर्वच थांबले असे मानले, तर ते पुन्हा सुरू कशाने होणार? पूर्वक्षण हा उत्तरक्षणाचा हेतू. हेतू जर निश्चल पडून राहिला, तर फळ येणार कोठून?

अर्थात या विषयावर बौद्ध संप्रदायांत एकवाक्यता नव्हती. तिन्ही काळांतील धर्म अस्तित्वात असतात, असे सर्वास्तिवादी म्हणत. थेरवादी 'कथावत्थू'ने ते मत खोडले. थेरवादी अभिधम्माने प्रत्येक चित्तक्षणाचे उत्पाद, स्थिती आणि भंग असे तीन भाग पाडले, तर उत्पन्न होताच वस्तू नष्ट होते, तिला 'स्थिती'ची उसंत नाही, असे सौत्रांतिकांचे म्हणणे. आमच्या वाचकांनी ध्यानात घ्यावे की, हा वाद दूरदेशीचा नाही. इंदुरीप्रमाणेच मावळात असलेल्या कार्ले लेण्यातील शिलालेखांत महासांघिक भिक्षूंना दिलेल्या दानाचा उल्लेख आहे. आणि भूत व भविष्य यांना खरे अस्तित्व नाही, वर्तमानच खरे, हे मत महासांघिकांचे म्हणून नोंदले गेले आहे.

जग थांबल्याचे वर्णन बौद्ध वाङ्मयातही आढळते. जातकट्ठकथेच्या निदानकथेत बोधिसत्त्वाच्या गर्भप्रवेशाच्या वेळी ३२ शुभचिन्हे प्रकटली, असे म्हटले आहे. त्यांत पक्ष्यांचे उडणे थांबले, नद्यांचे वाहणे थांबले, असे आहे. हे काव्य आहे, इतिहास नव्हे. परंतु त्याच यादीत आंधळ्यांना दृष्टी आली आणि बंदिवानांच्या बेड्या तुटल्या, असेही आहे. त्या अट्ठकथाकाराने नदी थांबविली, पण बेडी तुटायची थांबविली नाही, ही गोष्ट आम्हांस मोठी अर्थपूर्ण वाटते. क्षण गोठणे ही कल्पना ज्याचे सर्व ठीक चालले आहे त्यालाच सुखद वाटेल. जो गावकुसाबाहेर उभा आहे, त्याच्यासाठी थांबलेला क्षण म्हणजे कायमचे गावकूस.

बाबासाहेबांनी १९५७ साली प्रकाशित झालेल्या आपल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात नेमका हाच धागा धरला आहे. अनित्यता म्हणजे विनाशाची वार्ता, असा अर्थ त्यांनी केला नाही. सर्व काही नित्य आणि अपरिवर्तनीय असते, तर विकास संभवलाच नसता, असे त्यांचे प्रतिपादन आहे. वर्णव्यवस्था सनातन आहे, या दाव्याला याहून मूलगामी उत्तर आम्हांस माहीत नाही.

'वर्तमानात राहा' हा उपदेश आता शिबिरांतून सर्रास ऐकू येतो. त्याचा अर्थ वर्तमान पकडून ठेवणे असा होत नाही. मज्झिमनिकायातील भद्देकरत्त सुत्तात भूताचा पाठलाग व भविष्याची आस सोडण्यास सांगितले आहे. त्याचबरोबर वर्तमानातील धर्मांतही ओढले न जाता त्यांना विपश्यनेने पाहावे, असे म्हटले आहे. चित्त खरोखर थांबण्याची एक अवस्था अभिधम्मात मानली आहे, ती निरोधसमापत्ती. तीत संज्ञा आणि वेदना निरुद्ध होतात. आयुष्य आणि शरीराची ऊब मात्र राहते, आणि सात दिवसांपलीकडे ती जात नाही. बाहेरचे जग तेव्हाही चालूच असते. म्हणून 'विसुद्धिमग्ग'कार आचार्य बुद्धघोष सांगतात की, या समापत्तीत प्रवेश करण्यापूर्वी भिक्षूने चार गोष्टींची तजवीज करावी : आपल्याजवळ असलेल्या दुसऱ्यांच्या वस्तूंना हानी पोहोचू नये, संघाला आपली गरज पडल्यास उठता यावे, शास्त्याने बोलाविल्यास जाता यावे, आणि आपले आयुष्य तेवढे दिवस पुरेल की नाही हे पाहावे.