पीकविमा : गप्प बसलात तर होकार धरला जातो



पीककर्ज घेतलंय आणि विम्याबद्दल बँकेत काहीच बोलला नाहीत, तर काय होतं? हप्ता आपोआप कापला जातो.

प्रधानमंत्री पीकविमा योजना २०१६ च्या खरिपात सुरू झाली, तेव्हा कर्जदाराला विमा सक्तीचा होता. २०२० च्या खरिपापासून तो ऐच्छिक झाला. पण कर्जदाराचा होकार धरूनच चालतात. विमा नको असेल त्यानं मुदतीच्या निदान सात दिवस आधी बँकेला तसं लेखी द्यायचं. बिगरकर्जदाराचं उलटं, अर्ज केला तरच विमा. म्हणजे बांधाला बांध लागून दोन शेतं, दोघेही गप्प. एकाचा विमा उतरतो, दुसऱ्याचा राहतो. विचार मात्र दोघांनीही केलेला नसतो.

खरिपात अन्नधान्य व गळितधान्यांना हप्ता जास्तीत जास्त २ टक्के. समजा, सोयाबीनची विमा रक्कम ४०,००० रुपये आहे, तर हप्ता ८०० रुपये.

विमा घ्यायचा की नाही, हे घरात बसून ठरवा. घेणार असाल तर बँकेच्या कागदावर कोणतं पीक लिहिलंय तेही बघा. कागदावर कापूस आणि रानात सोयाबीन असेल तर पीकबदल मुदतीच्या निदान दोन दिवस आधी कळवा. नाहीतर हप्ताही जाईल आणि भरपाईही अडकेल. अर्जाची पोच जपून ठेवा.