मंत्री, सेनापती आणि सचिव : हिरूभाई पटेल (लेखांक पाचवा)

मागील लेखांकात आपण पाहिले की, इंग्रजी अमदानीत हिंदुस्थानचा सरसेनापती हा नुसता फौजेचा मुख्य नव्हता. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात लष्करी खात्याचा सभासदही तोच असे, दरबारी मानमरातबात व्हाइसरॉयच्या खालोखाल त्याचे आसन असे, आणि त्यामुळे फौजेने मागावयाचे व सरकारने द्यावयाचे ही दोन्ही कामे अखेर एकाच इसमाच्या सहीपाशी येऊन थांबत. 1946 च्या सप्टेंबरात हंगामी सरकार येऊन सरदार बलदेवसिंग संरक्षण खात्याचे सभासद झाले तेव्हा या व्यवस्थेस पहिला तडा गेला, आणि पुढील वर्षीच्या ऑगस्टात ती संपुष्टात आली. सरसेनापतीचा दिल्लीतील प्रासाद, फ्लॅगस्टाफ हाऊस, 1948 साली पंतप्रधान नेहरूंचे निवासस्थान झाला व तीन मूर्ती भवन या नावाने ख्याती पावला, हे स्थित्यंतर सर्वांनी पाहिले. परंतु त्याच सुमारास संरक्षण खात्याच्या दप्तरात जे स्थित्यंतर घडत होते ते पाहावयास बाहेरचे कोणी नव्हते, आणि ते ज्याच्या हातून घडले त्या गृहस्थाचे नाव संरक्षणाच्या संदर्भात आज क्वचितच घेतले जाते.

हिरूभाई मुळजीभाई पटेल यांचा जन्म 27 ऑगस्ट 1904 रोजी मुंबईत झाला. घराणे गुजरातेतील धर्मजचे. ऑक्सफर्डचे शिक्षण, मग सनदी सेवा, मुंबई इलाख्यातील नेमणुका, पुढे दिल्लीची बदली, हा क्रम त्या पिढीच्या कोणाही बुद्धिमान अधिकाऱ्याचा असावा तसाच होता. त्यात रेंगाळण्याचे कारण नाही. खरी कारकीर्द सुरू होते ती 1947 च्या जूनमध्ये.

3 जूनला फाळणीची घोषणा झाली आणि 15 ऑगस्ट उजाडण्याच्या आत एका राज्याच्या मालमत्तेची, कर्जाची, नोकरांची, रेल्वेच्या डब्यांची, टंकलेखन यंत्रांची आणि पलटणींची दोन ठिकाणी वाटणी करावयाची होती. धोरण ठरविण्यास माउंटबॅटन यांच्या अध्यक्षतेखाली फाळणी मंडळ होते आणि तपशील पाहण्यास दहा तज्ज्ञ समित्या होत्या. परंतु या दोहोंच्या मध्ये, समित्यांचे अहवाल घेऊन त्यांतील वाद शक्य तो मिटवून मंडळापुढे ठेवण्यासाठी, अवघ्या दोन माणसांची सुकाणू समिती नेमली होती : भारताच्या बाजूने पटेल आणि पाकिस्तानच्या बाजूने चौधरी मुहम्मद अली, जे पुढे त्या देशाचे पंतप्रधान झाले. दोघेही एकाच सरकारच्या सेवेत वाढलेले, हिशेबाच्या कामात मुरलेले, एकमेकांच्या टिपणांची भाषा ओळखणारे. बाहेर पंजाब पेटलेला असताना या दोघांनी कागदावर जी वाटणी केली तीत पाकिस्तानचा वाटा सामान्यतः साडेसतरा टक्के ठरला. लष्करी सामग्रीचा सुमारे एक तृतीयांश भाग तिकडे जावयाचा होता, पण दारूगोळ्याचे कारखाने सर्वच्या सर्व भारताच्या हद्दीत राहिले, आणि उभा कारखाना उपटून नेता येत नाही म्हणून त्याबदली रोख रक्कम ठरवावी लागली. खजिन्यातील शिलकेपैकी 75 कोटी रुपये पाकिस्तानला द्यावयाचे ठरले. त्यातील 20 कोटी आधी दिले गेले आणि उरलेल्या 55 कोटींनी 1948 च्या जानेवारीत केवढे वादळ उठविले ते सर्वश्रुत आहे. मात्र एक गोष्ट सहसा सांगितली जात नाही. वाद मिटले नाहीत तर निवाड्यासाठी सर पॅट्रिक स्पेन्स यांचे लवाद न्यायालय सज्ज ठेवले होते, आणि या दोन कारभाऱ्यांनी 1947 च्या डिसेंबरात बहुतेक सर्व तंटे आपसात मिटवून त्या न्यायालयाचे काम जवळपास काढून घेतले. सीमेवर दोन्ही फौजा समोरासमोर असताना हे घडले, याचे प्रस्तुत लेखकास आजही नवल वाटते.

अशा माणसाकडे संरक्षण सचिवपद आले, आणि 1953 पर्यंत ते त्यांच्याकडे राहिले. सूत्रे हाती येण्याच्या सुमारासच काश्मीरचा प्रश्न उभा राहिला. 27 ऑक्टोबर 1947 च्या सकाळी शीख पलटणीची पहिली तुकडी श्रीनगरला उतरली, ती ज्या डाकोटा विमानांतून, त्यांतील बरीच खाजगी विमान कंपन्यांकडून तातडीने घेतलेली होती. शौर्य सैनिकांचे खरे, पण विमान कोणाचे, पेट्रोल कोठून, पैसे कोणत्या खात्यातून, हे प्रश्न त्याच रात्री कोणाला तरी सोडवावे लागतात. दोन वर्षांनी, 1949 च्या जुलैत, कराचीत युद्धबंदी रेषा आखण्यासाठी लष्करी प्रतिनिधी बसले तेव्हा जनरल श्रीनागेश, थिमय्या व माणेकशा यांच्यासमवेत निरीक्षक म्हणून पटेलही होते. रेषा सेनानींनी आखावी आणि तिचा राजकीय व आर्थिक भार उचलणाऱ्या सरकारचा मनुष्य तेथे हजर असावा, ही नव्या व्यवस्थेची जणू व्याख्याच म्हणावी.

मराठी वाचकास ही व्यवस्था परकी वाटू नये. शिवकालीन किल्ल्यावर हवालदार, सबनीस आणि कारखानीस असे तीन अंमलदार असत. शिबंदी हवालदाराची, हजेरी व जमाखर्च सबनिसाचा, धान्य व दारूगोळ्याचा साठा कारखानिसाचा, आणि तिघांपैकी एकट्याच्या मर्जीने किल्ला शत्रूच्या हाती जाऊ नये अशी ती योजना होती. संरक्षण सचिवाचे काम याच जातीचे आहे. ते प्रत्यक्षात कसे चाले, हे एखाद्या किरकोळ मागणीवरून पाहावे. समजा, देहूरोडच्या भांडारास ताडपत्र्या हव्या आहेत. मागणी सेना मुख्यालयात मास्टर जनरल ऑफ ऑर्डनन्सच्या शाखेकडे जाते, तेथून मंत्रालयात; तेथील अवर सचिव डाव्या बाजूच्या टिपणपत्रावर अनुकूल शेरा मारतो आणि नस्ती वित्त सल्लागाराकडे पाठवितो. हा सल्लागार अर्थखात्याचा; बसतो संरक्षणात, पण त्याचा धनी दुसरा. तो विचारतो की, गतवर्षीच्या ताडपत्र्यांपैकी फाटल्या किती, निर्लेखित केल्या किती, आणि दुरुस्त का करता येत नाहीत. नस्ती आल्या वाटेने परतते. उत्तर येईपर्यंत देहूरोडचा पावसाळा उलटून जातो आणि ताडपत्रीखाली ठेवावयाचा माल भिजून निर्लेखित होण्याच्या यादीत जाऊन बसतो.

रणांगणावर जबाबदारी घेणाऱ्या सेनाधिकाऱ्याला, आपली मागणी कधी संचलनही न पाहिलेल्या कारकुनाने तपासावी, हे पिढ्यानपिढ्या सलत आले आहे, आणि ती तक्रार निराधार नाही. मंत्र्याचे वर्चस्व पाहता पाहता मंत्रालयाचे वर्चस्व होऊन बसले. 1961 च्या कार्यनियमांनी भारताच्या संरक्षणाची जबाबदारी ज्या खात्यावर सोपविली त्याचा मुख्य सचिवच होता. तिन्ही दलांचे प्रमुख त्याबाहेर राहिले, आणि 2019 च्या डिसेंबरात संरक्षण दलप्रमुखाचे पद निर्माण होईपर्यंत हे असेच चालले. पटेलांच्या काळात मात्र या पद्धतीचा गुण अधिक दिसला, कारण तेव्हा फौज वाढत होती, संस्थानांच्या सेना तीत विलीन होत होत्या, 1948 च्या सप्टेंबरात हैदराबादवर सोलापूरकडून चाल झाली, 1949 च्या जानेवारीत करिअप्पा पहिले भारतीय सरसेनापती झाले, त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात खडकवासल्यास राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची कोनशिला बसली. आणि शेजारच्या ज्या देशाने हीच फौज वाटून घेतली होती तेथे 1958 साली सेनापतीने राज्यच ताब्यात घेतले.

त्याच 1958 साली पटेलांवर संकट कोसळले. ते आता अर्थखात्याचे प्रधान सचिव होते. नव्यानेच स्थापन झालेल्या आयुर्विमा महामंडळाने 1957 च्या जूनमध्ये हरिदास मुंदडा यांच्याशी संबंधित सहा कंपन्यांचे सुमारे सव्वा कोटी रुपयांचे भाग खरेदी केले. त्यांत मुंबईतील रिचर्डसन अँड क्रुडास होती, कानपूरची ब्रिटिश इंडिया कॉर्पोरेशन होती. डिसेंबरात फिरोज गांधींनी लोकसभेत हे प्रकरण उकरून काढले आणि मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती छगला यांची एकसदस्य चौकशी नेमली गेली. त्यांनी मुंबईत उघडपणे, जनतेच्या समक्ष साक्षी घेतल्या. लोकांची एवढी झुंबड उडाली की बाहेर ध्वनिक्षेपक लावावे लागले. पटेलांचे म्हणणे असे की, व्यवहारास मंत्री टी. टी. कृष्णम्माचारी यांची संमती होती. मंत्री म्हणाले, नव्हती. कागदावर मंत्र्याची मंजुरी नव्हती. ज्या माणसाने दोन राष्ट्रांची वाटणी अक्षरशः कलमवार लिहून काढली, ज्याच्या खात्यात ताडपत्रीचासुद्धा लेखी खुलासा मागितला जाई, त्याने सव्वा कोटींचा व्यवहार तोंडी संमतीवर पुढे जाऊ द्यावा, हे कोडे मला त्यांच्या अप्रामाणिकपणाने सुटत नाही. मला वाटते, फाळणी आणि काश्मीर यांच्या धामधुमीत तडकाफडकी निर्णय घेऊन मागाहून कागद पुरा करण्याची जी सवय लागते ती शांततेच्या काळात सुटत नाही. छगलांनी निर्णय दिला की, सचिवाच्या कृतीची घटनात्मक जबाबदारी मंत्र्याने घेतलीच पाहिजे. कृष्णम्माचारींनी राजीनामा दिला. पटेलांची न्यायमूर्ती विव्हियन बोस यांच्या मंडळापुढे पुन्हा चौकशी झाली आणि ते सेवेतून बाहेर पडले.

त्यानंतर ते गुजरातेत वल्लभ विद्यानगरास गेले, चारुतर विद्यामंडळाचे काम त्यांनी हाती घेतले, राजाजींच्या स्वतंत्र पक्षातून राजकारणात उतरले, आणि 1977 च्या मार्चमध्ये मोरारजी देसाई यांच्या मंत्रिमंडळात अर्थमंत्री झाले. ज्या खात्यातून सचिव म्हणून जावे लागले होते त्याच खात्याच्या नस्तीवर आता अखेरचा शेरा त्यांचा होता. त्या वर्षीचे त्यांचे हंगामी अंदाजपत्रकाचे भाषण सुमारे आठशे शब्दांचे होते आणि इतके त्रोटक भाषण लोकसभेने दुसरे ऐकले नाही. 1979 मध्ये ते काही महिने गृहमंत्री होते. 1993 च्या नोव्हेंबरात त्यांचे निधन झाले. पुढील लेखांकात, चिनी आक्रमणानंतर यशवंतराव चव्हाण दिल्लीस गेले तेव्हा त्यांना लाभलेले संरक्षण सचिव पी. व्ही. आर. राव यांच्याकडे वळू.