आवर्तन सुटलं

जानेवारी-फेब्रुवारीत नगर, नाशिक, पुणे, सोलापूर भागातलं कुठलंही वर्तमानपत्र उघडा. 'उजव्या कालव्याचे आवर्तन सुटले' अशा धर्तीचा मथळा हमखास सापडेल. आता हाच मथळा एखाद्या तबलजीने वाचला तर? त्याच्या लेखी आवर्तन सुटणं म्हणजे नामुष्की. भर मैफलीत आवर्तन सुटलं, सम हुकली, की तोंड लपवायची वेळ. इकडे शेतकरी मात्र आवर्तन सुटलं म्हणून देवापुढे साखर ठेवतो!

आवर्तनं किती, असं दहावीतल्या मुलीला विचारा. ती म्हणेल, सात. गुरुजींना विचारा. ते म्हणतील, अकरा, एकवीस, नाहीतर हजार; यजमानांची जशी इच्छा. भाजी आणताना, रिक्षावाल्याशी बोलताना हा शब्द आपल्या तोंडी कधी येत नाही. पण गवई, गुरुजी, पाटबंधारे खात्याचे अभियंते आणि रसायनशास्त्राचे शिक्षक यांचं त्याच्यावाचून पान हलत नाही. संस्कृतात 'वृत्' म्हणजे फिरणं. 'आ' जोडला की वळून परत येणं. सगळ्यांच्या आवर्तनात काहीतरी परत येतंच. पण नेमकं काय परत येतं?

कालव्यापासून सुरुवात करू. धरणात पाणी आहे आणि खाली गावोगावची शेती तहानलेली आहे. मग कालव्याला बारा महिने बारीक धार का सोडत नाहीत? रोज थोडं थोडं, सगळ्यांना सारखं. ऐकायला किती न्याय्य! पण तसं केलं तर शेवटच्या गावाला थेंबही पोचणार नाही. कारण पहिलं पाणी कालवाच पितो. तळ, भराव, भेगा भिजल्याशिवाय पाणी पुढे सरकत नाही, आणि वर ऊन आहेच. बारीक धार वाटेतच जिरून जाईल. म्हणून थोडे दिवस दणकून पाणी सोडायचं, मग कालवा बंद करायचा आणि काही आठवड्यांनी पुन्हा सोडायचं. असं एकदा सोडणं म्हणजे एक आवर्तन.

दणकून म्हणजे किती? क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट आणि टीएमसी म्हणजे शंभर कोटी घनफूट. कालव्याला हजार क्युसेकने पाणी चालू असेल, तर एक टीएमसी जायला बरोबर दहा लाख सेकंद लागतात. दिवसांत सांगायचं तर साडेअकरा दिवस, रात्रंदिवस.

मग मधल्या कोरड्या आठवड्यांत पीक जगतं कशावर? मातीवर. काळी जमीन पाणी धरून ठेवते आणि मुळांना पुरवून पुरवून देते. धरण फक्त घाटाच्या पायथ्याशी असतं असं आपण समजतो. खरं तर दर आवर्तनाला धरणाचा एक हिस्सा हजारो एकर मातीच्या पोटात हलवलेला असतो. वेळ मात्र साधावी लागते. गव्हाला पेरणीनंतर 18 ते 21 दिवसांनी मुकुटमुळं फुटतात. नेमकं तेव्हा आवर्तन लांबलं तर फुटवेच कमी येतात, आणि नंतर कितीही पाणी दिलं तरी गेलेलं उत्पन्न भरून निघत नाही. रास्ता रोको उगाच होत नाहीत.

आता सगळ्यात भारी भाग. चारीला, म्हणजे कालव्याच्या फाट्याला, पाणी आलं की पहिला मान कुणाचा? तोंडाशी ज्याचं रान आहे त्याचा? नाही. रीत अशी की शेपटाकडच्याने आधी भिजवायचं, मग त्याच्या वरच्याने, असं शेजाऱ्यामागून शेजारी करत तोंडापर्यंत यायचं. हीच शेजपाळी. काय अक्कल आहे पाहा! तोंडाच्या माणसाला आधी दिलं तर तो पोटभर घेईल आणि शेपटाला चिखल उरेल. शेपटाला आधी दिलं, तर आपली पाळी यावी म्हणून वरचा प्रत्येक जण खालच्याचं भिजणं लवकर कसं उरकेल हे पाहतो. कागदावर इतका सुंदर नियम क्वचितच सापडतो. प्रत्यक्षात वरचे लोक रात्री चारी फोडतात आणि शेपटाचे लोक कचेरीत अर्ज घेऊन उभे राहतात, हेही तितकंच जुनं आहे.

पाळी रात्री दोनलाही येते. पिंडऱ्यांपर्यंत चिखल, एका हातात बॅटरी, दुसऱ्यात खोरं. सरी शेवटापर्यंत भरली की दारं मोडायचं, म्हणजे मातीचा छोटा बांध फोडून पाणी पुढच्या सरीत घ्यायचं आणि भरल्या सरीचं तोंड त्याच मातीने बुजवायचं. थंडीत कुडकुडत पहाटेपर्यंत हेच. आणि लक्षात घ्या, इथे पाणी परत येत नाही. ते पिकात गेलं, आभाळात गेलं. परत येते ती फक्त पाळी.

तबल्याच्या आवर्तनात याच्या अगदी उलट. त्रितालाच्या सोळा मात्रा झाल्या की सतरावी मात्रा नसतेच. सतरावी म्हणजे पुन्हा पहिली, म्हणजे सम. सोपं वाटतं ना? मग विलंबित एकताल ऐका. मात्रा फक्त बारा, पण लय इतकी संथ ठेवता येते की एक आवर्तन भरायला मिनिटभर लागतं. तेवढ्या वेळात गायक बारा वाटांनी भटकून येतो. त्याच्यासमोर घड्याळ नाही, श्रोते बोटं मोजत नाहीत, तरी समेला शेकडो माना एका क्षणी हलतात. हे जमतं कसं?

ठेक्याचे बोल पाहा: धिं धिं धागे तिरकिट, तू ना कत् ता, धागे तिरकिट धिं ना. 'धागे तिरकिट' दोनदा येतं. पहिलं 'तिरकिट' चौथ्या मात्रेला, दुसरं दहाव्या. पहिल्यानंतर 'तू ना' वाजलं तर निवांत राहा, वेळ आहे. पण दुसरं 'तिरकिट' कानावर पडलं की पुढच्या रांगेतले जाणकार सावरून बसतात. आता फक्त 'धिं ना' उरलं, की आलीच सम. म्हणजे मोजणी डोक्यात चालतच नाही. तबलजीच प्रत्येक वळणावर पाटी लावून ठेवतो.

आणि तिहाई? एकच तुकडा तीनदा वाजवायचा आणि तिसऱ्याचा शेवटचा 'धा' समेवर आपटायचा. त्रितालात समेपासून निघून पुढच्या समेवर संपायचं, तर मात्रा सतरा हव्यात. सतराला तीनने भाग जात नाही. मग पाच मात्रांचा तुकडा, एक मात्रा श्वास, पुन्हा पाच, पुन्हा एक, पुन्हा पाच. झाले सतरा. श्वास न घेता वाजवायचं असेल तर दोन आवर्तनं आणि एक मात्रा, म्हणजे तेहेतीस धरा. अकराचा तुकडा तीनदा चपखल बसतो. उस्तादांच्या बोटांना हे गणित पाठ असतं. ते मात्र त्याला गणित म्हणत नाहीत.

अकरावरून गुरुजी आठवले. रुद्राची अकरा आवर्तनं म्हणजे एक एकादशनी. अकरा एकादशन्या म्हणजे लघुरुद्र, अकरा लघुरुद्रांचा महारुद्र, अकरा महारुद्रांचा अतिरुद्र. आवर्तनं मांडू: 11, 121, 1331, 14641. हे आकडे उलटीकडूनही तेच वाचले जातात! इतकंच नाही, त्यांचे अंक म्हणजे मेरुप्रस्ताराच्या ओळी आहेत, शाळेत जिला पास्कलचा त्रिकोण म्हणतात ती आकृती.

पण म्हणताना आकडा चुकला तर? त्याची सोय पाठातच आहे. रुद्राचे दोन भाग, नमक आणि चमक. नमक एकदा पूर्ण म्हटला की त्याला चमकाचा एकच अनुवाक, म्हणजे एकच खंड, जोडायचा. दुसऱ्यांदा नमक, की चमकाचा दुसरा अनुवाक. चमकाचे अनुवाक अकराच. म्हणजे चमक संपला की समजावं, अकरा आवर्तनं झाली. मोठं चाक अकरा वेळा फिरतं तेव्हा छोटं चाक एकदा पुरं होतं. अकरा गुरुजी एकत्र बसले की एका बैठकीत लघुरुद्र उरकतो, तो याच हिशेबाने.

आता दहावीतल्या मुलीची सात आवर्तनं. विज्ञानाच्या पुस्तकात आवर्तसारणीच्या उभ्या स्तंभांना गण आणि आडव्या ओळींना आवर्तनं म्हणतात. तिथे काय परत येतं? स्वभाव. लिथिअमपासून मूलद्रव्यं ओळीने मोजत निघा. आठ पावलांवर सोडिअम, पुढच्या आठ पावलांवर पोटॅशिअम. तिघेही मऊ धातू, तिघेही पाण्याशी भांडणारे. सोडिअमचा तुकडा पाण्यावर टाकला तर वितळून त्याची गोळी होते आणि ती फुसफुसत सैरावैरा धावते. पोटॅशिअम तर जांभळट ज्योतीने पेटतोच. एखाद्या इमारतीत प्रत्येक मजल्यावर स्वयंपाकघर बरोबर खालच्या स्वयंपाकघराच्या डोक्यावर यावं, तसे हे तिघे एकाखाली एक बसतात.

हे ज्यांच्या आधी लक्षात आलं त्यांच्यापैकी एक म्हणजे जॉन न्यूलँड्स हा इंग्रज रसायनशास्त्रज्ञ. 1865 मध्ये त्याने त्याला अष्टकांचा नियम म्हटलं. सा पासून आठवा स्वर पुन्हा सा, तसं आठवं मूलद्रव्य पहिल्यासारखं. मधली आठ पावलं त्याच्या हिशेबात सात होती, कारण निऑन-अरगॉनसारखे निष्क्रिय वायू तेव्हा कुणाला ठाऊकच नव्हते. पुढच्या वर्षी लंडनच्या केमिकल सोसायटीत त्याने हे मांडलं, तेव्हा एका विद्वानाने खोचकपणे विचारलं, नावांच्या आद्याक्षरांनुसार लावून पाहिलंत का? न्यूलँड्सची मांडणी कॅल्शिअमच्या पुढे विस्कटत होती हे खरं, पण कान त्याचा बरोबर होता. रॉयल सोसायटीने 1887 मध्ये त्याला डेव्ही पदक दिलं.

विस्कटलेलं सावरलं रशियाच्या मेंडेलीव्हने, 1869 मध्ये. तेव्हा 63 मूलद्रव्यं माहीत होती. आवर्तन जुळत नव्हतं तिथे त्याने ओढूनताणून काही बसवलं नाही. चक्क जागा मोकळ्या सोडल्या आणि त्या जागांच्या न सापडलेल्या मालकांचे गुणधर्मही सांगून टाकले. त्यांना नावं कुठली दिली? एका-बोरॉन, एका-ॲल्युमिनिअम, एका-सिलिकॉन. हे 'एका' म्हणजे आपलं संस्कृत 'एक'! ॲल्युमिनिअमच्या खालची एक जागा, सिलिकॉनच्या खालची एक जागा. 1875 मध्ये फ्रान्सच्या लकॉक द ब्वाबोद्राँला एका-ॲल्युमिनिअम सापडलं. त्याने नाव ठेवलं गॅलिअम आणि घनता मोजली 4.7. मेंडेलीव्हने कळवलं, पुन्हा मोजा, 5.9 यायला हवी. नमुना शुद्ध करून पुन्हा मोजली. आली 5.9! ज्याने तो धातू डोळ्यांनी पाहिला नव्हता, त्याने तो हातात धरलेल्या माणसाची चूक दाखवली. हा धातू जेमतेम 30 अंशाला वितळतो, म्हणजे विदर्भातल्या मे महिन्यात तो टेबलावर ठेवल्या ठेवल्या पाणी होईल.

तालाचं प्रत्येक आवर्तन सारख्या लांबीचं असतं. ही सात मात्र वाढत जातात: 2, 8, 8, 18, 18, 32, 32. बेरीज 118. आणि 2, 8, 18, 32 हे आकडे म्हणजे 1, 4, 9, 16 या वर्गसंख्यांची दुप्पट. अणूच्या पोटात इलेक्ट्रॉन कसे बसतात त्याचा हा हिशेब आहे. मेंडेलीव्हने सारणी केली तेव्हा इलेक्ट्रॉन कुणाला ठाऊकही नव्हता.

पूजासाहित्याच्या दुकानात याच शब्दाचा भाऊ भेटतो, दक्षिणावर्ती शंख. शंखाचं वळण उजवीकडे, म्हणून दुर्मीळ, म्हणून महाग. गंमत अशी की प्राणिशास्त्रज्ञ याच शंखाला डावा म्हणतात. आपण शंख धरतो त्याची नळी वर करून, ते धरतात त्याचं टोक वर करून. उलटा धरला की उजव्याचं डावं. आणि खिशाला जपा. अमेरिकेच्या किनाऱ्यावर एका जातीचे शंख जन्मतःच याच बाजूला वळलेले असतात. ते तिथे दुर्मीळ नाहीत, इथे मात्र दक्षिणावर्ती म्हणून खपवले जातात.

टपाल कचेरीतली आवर्ती ठेव तुम्हाला माहीतच आहे: पाच वर्षं, साठ हप्ते. परत येतो तो हप्ता भरायचा दिवस, आणि तो जरा जास्तच लवकर येतो.

राहिले आवर्ती दशांश. 1 ला 7 ने भागा: 0.142857142857... सहा अंक फिरून फिरून तेच. असं का व्हावं? भागाकार मांडून फक्त बाक्या पाहा. 1, मग 3, 2, 6, 4, 5 आणि पुन्हा 1. सातने भागल्यावर शून्य सोडून बाक्या सहाच असू शकतात. सहाही वापरून झाल्या की सातव्या वेळी जुनीच बाकी घ्यावी लागते, आणि बाकी जुनी आली की पुढचं सगळं जुनंच. सुटका नाही! या 142857 ला आता 2 ने गुणा: 285714. 3 ने गुणा: 428571. अंक तेच, क्रमही तोच, फक्त सुरुवात वेगळ्या जागेवरून. 6 पर्यंत हेच चालतं. 7 ने गुणलंत तर 999999.

आता कागद-पेन्सिल घ्या आणि 1 ला 17 ने भागा. साध्या कॅल्क्युलेटरच्या पडद्यावर हे आवर्तन मावत नाही, हातानेच करा. 0588235294117647 असे सोळा अंक येतील, त्रितालाला पुरतील एवढे, आणि मग पुन्हा 0. बाक्या शेजारी लिहून ठेवा: 1 ते 16 मधली प्रत्येक बाकी एकदा आणि एकदाच येते.