वर्ल्डकप फायनलची रात्र आणि गेटवरची बारा तासांची ड्युटी

२ नोव्हेंबर २०२५ ला नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर भारताच्या पोरींनी दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवलं आणि महिलांचा वर्ल्डकप पहिल्यांदा आपल्याकडं आला. त्या रात्रीही जुईनगर, सानपाडा, सीवूड्सच्या सोसायट्यांना वॉचमन लागतच होता. ही कामं करणारे कितीतरी जण आपल्याच तालुक्यांतले.

मॅच दुपारी ३ ला सुरू व्हायची होती, पावसामुळं ५ वाजले. षटकं कापली नाहीत, म्हणून निकालाला मध्यरात्र झाली. रात्री ८ ला गेटवर बसायच्या आधीच शफालीची ८७ धावांची खेळी होऊन गेली होती. दीप्तीच्या पाच विकेट मिळाल्या, त्या मोबाईलवरच्या स्कोअरमध्ये. तो बघायचा तरी चोरून, कारण वर कॅमेरा असतो. हरमनप्रीतनं शेवटचा कॅच घेतला तेव्हा सकाळी ८ पर्यंतच्या ड्युटीचे आठ तास अजून बाकी होते. कारखान्यात तेवढ्यात एक आख्खी पाळी होते! आणि खरी झोप अनावर होते ती पहाटे दोन ते पाचमध्ये, शेजारी बोलायला कुणी नसताना.

सकाळी बदली आली नाही तर गेट सोडता येत नाही. मग 'डबल' लागते, म्हणजे सलग चोवीस तास.

आता पैशाचं. बारा तासांची एकच हजेरी लावायची पद्धत बऱ्याच ठिकाणी आहे. कायद्यानं ठरलेल्या तासांच्या वर काम झालं, तर त्या तासांची मजुरी दुप्पट दरानं धरायची असते. पगाराच्या चिठ्ठीत ते वेगळं दिसतं का, हे घरच्यांनीही विचारावं. चिठ्ठीच मिळत नसेल तर आधी ती मागावी. पीएफ कापतात पण भरतात का, हे यूएएन नंबर टाकून उमंग ॲपवर घरबसल्या कळतं.

नवीन पोरगं पाठवताना एजन्सीकडं २००५ च्या केंद्रीय कायद्याखालचं लायसन आहे का बघा. दुसरी वाट सुरक्षा रक्षक मंडळाची. राज्याच्या १९८१ च्या कायद्यानं ही मंडळं झाली. तिथं नोंद झालेल्या रक्षकाचा पगार मालक मंडळाकडं भरतो आणि मंडळ रक्षकाला देतं, मधला ठेकेदार राहत नाही. नोंदणीचे पैसे मागत गावात फिरणाऱ्या एजंटाला मात्र एक रुपया देऊ नका, थेट मंडळाच्या कार्यालयात चौकशी करा.